नटीच्या कपड्यांपासून चित्रपटाच्या वेशभूषेपर्यंत : भानू अथैया यांच्या कारकिर्दीचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

भारतीय चित्रपटाचा इतिहास प्रामुख्याने दिग्दर्शक, नट-नट्या, संगीतकार आणि गीतकार यांच्या कर्तृत्वाच्या आधारे लिहिला गेला आहे. त्या मानाने पडद्यावर दिसणाऱ्या वस्त्रांचा विचार इतिहासलेखनात फारसा झालेला नाही. मराठी रंगभूमीवर 'कपडेपट' हा शब्द रूढ होता. कपडेपट सांभाळणारा माणूस नाटक मंडळीच्या बिऱ्हाडातील आवश्यक पण दुय्यम घटक मानला जाई. चित्रपट आला, तंत्र बदलले, परंतु ही दृष्टी पुष्कळ काळ तशीच राहिली. प्रेक्षकाला नायिकेची साडी आठवते. ती साडी कोणी योजली, तिचा रंग, पोत आणि नेसण्याची तऱ्हा कोणी ठरवली, हे मात्र त्याला सहसा ठाऊक नसते.

या पार्श्वभूमीवर भानू अथैया (१९२९-२०२०) यांची कारकीर्द विशेष अभ्यासनीय ठरते. स्पर्धात्मक ऑस्कर पुरस्कार मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय होत. परंतु केवळ या एका घटनेत त्यांचे महत्त्व सामावलेले नाही. सुमारे सहा दशकांत त्यांनी शंभराहून अधिक चित्रपटांसाठी काम केले. या काळात भारतीय चित्रपटातील वेशभूषेचे स्वरूपच पालटले. एका नटीपुरते कपडे करून देण्याचा व्यवसाय संपूर्ण चित्रपटाच्या दृश्यरूपाची जबाबदारी घेणारी कला बनला. हे स्थित्यंतर कसे घडले, त्यामागील कारणे कोणती आणि या कलेला मिळालेली मान्यता कितपत पुरेशी होती, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे. भानूताईंच्या सर्व चित्रपटांची जंत्री देणे हा येथे हेतू नाही. स्थित्यंतराचे टप्पे दाखवणारे निवडक चित्रपटच विवेचनासाठी घेतले आहेत.

कोल्हापूरची परंपरा : चित्रकार हाच वेशभूषाकार

भानुमती अण्णासाहेब राजोपाध्ये यांचा जन्म २८ एप्रिल १९२९ रोजी कोल्हापूर येथे झाला. त्यानंतर अवघ्या महिनाभराने, १ जून १९२९ रोजी, याच शहरात प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. हा योगायोग असला तरी अर्थपूर्ण आहे. छत्रपती शाहू महाराजांच्या आश्रयामुळे कोल्हापुरात चित्रकला, संगीत, नाट्य आणि मल्लविद्या यांना बहर आला होता. त्याच वातावरणात बाबूराव पेंटर यांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. बाबूराव मूळचे चित्रकार. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता ते चित्रपटाकडे वळले. 'सैरंध्री' (१९२०), 'सिंहगड' (१९२३), 'सावकारी पाश' (१९२५) हे त्यांचे चित्रपट पौराणिक, ऐतिहासिक आणि सामाजिक अशा तीनही प्रकारांचे प्रतिनिधित्व करतात.

या काळात वेशभूषा हा स्वतंत्र विभाग नव्हता. देखावे, पोशाख, अलंकार आणि जाहिरातीची भित्तिचित्रे ही सर्व कामे चित्रकाराच्या कल्पनेतून साकारत. ऐतिहासिक चित्रपटातील पागोटी, अंगरखे आणि चिलखते यांचा विचार चौकटीतील रचनेचा भाग म्हणून केला जाई. पुढे प्रभातमध्ये फत्तेलाल यांनी कलादिग्दर्शनात हीच परंपरा पुढे चालवली. म्हणजे कोल्हापुरात वेशभूषेचा उगम शिंप्याच्या दुकानात नव्हे, तर चित्रकाराच्या फलकावर झाला, असे म्हणता येईल.

या परंपरेला आणखी दोन प्रवाहांची जोड होती. राजा रविवर्मा यांच्या चित्रांनी आणि त्यांच्या शिळाप्रेसवर छापलेल्या तसबिरींनी देवदेवतांना साडी-चोळी नेसवून घराघरांत पोहोचवले होते. दुसरीकडे संगीत रंगभूमीवर बालगंधर्वांनी नऊवारी शालू, पैठण्या आणि अलंकार यांचा असा काही आदर्श निर्माण केला की, प्रतिष्ठित घरांतील स्त्रिया त्यांच्या नेसण्याचे अनुकरण करू लागल्या. पोशाखातून व्यक्तिरेखा उभी राहते आणि रंगमंचावरील पोशाख समाजाच्या अभिरुचीला वळण लावतो, या दोन्ही गोष्टी महाराष्ट्राच्या परिचयाच्या होत्या.

भानूताईंचे वडील अण्णासाहेब राजोपाध्ये हे स्वतः चित्रकार होते आणि बाबूराव पेंटर यांच्या चित्रपटांशी त्यांचा संबंध होता. त्यामुळे चित्र आणि चलच्चित्र यांतील नाते त्यांच्या घरातच होते. मात्र भानूताई लहान असतानाच वडिलांचे निधन झाले आणि सात भावंडांच्या संगोपनाचा भार आई शांताबाई यांच्यावर येऊन पडला. पुढील व्यावसायिक निर्णयांचा विचार करताना ही कौटुंबिक परिस्थिती दृष्टीआड करून चालणार नाही.

मुंबई : कॅनव्हासकडून कापडाकडे

कलाशिक्षणासाठी भानूताई मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाल्या. तेथे त्यांनी उत्तम यश मिळवले. १९५१ मध्ये त्यांना उषा देशमुख सुवर्णपदक मिळाले. हा काळ भारतीय आधुनिक चित्रकलेच्या दृष्टीने निर्णायक होता. सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे आणि बाकरे यांनी १९४७ मध्ये स्थापन केलेल्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रूपने नव्या दृश्यभाषेचा आग्रह धरला होता. या गटाच्या १९५३ मधील मुंबईच्या प्रदर्शनात भानूताईंची चित्रे होती. मुख्यतः पुरुषांच्या नावांनी ओळखल्या जाणाऱ्या या चळवळीत एका तरुण स्त्रीचा सहभाग ही साधी बाब नव्हती.

तरीही भानूताई चित्रकार म्हणून स्थिरावल्या नाहीत. पन्नाशीच्या दशकाच्या आरंभी चित्रे विकून चरितार्थ चालवणे मान्यवर पुरुष चित्रकारांनाही अवघड होते. या गटातील काहींनी परदेशाची वाट धरली. भानूताईंनी स्त्रियांच्या नियतकालिकांसाठी पोशाखांची रेखाटने करण्याचे काम स्वीकारले. 'फॅशन अँड ब्यूटी' आणि त्यानंतर 'इव्हज वीकली' या इंग्रजी नियतकालिकांतून त्यांची रेखाटने प्रसिद्ध होऊ लागली. 'इव्हज वीकली'च्या संपादिकेने पोशाखांचे दालन सुरू केले, तेव्हा कागदावरचे पोशाख प्रत्यक्षात उतरवण्याची संधी त्यांना मिळाली. या दालनात येणाऱ्या ग्राहकांमध्ये चित्रपट अभिनेत्रीही होत्या. कामिनी कौशल यांच्यासाठी पोशाख करता करता १९५३ च्या सुमारास त्यांचा चित्रसृष्टीत प्रवेश झाला.

या वळणाकडे दोन दृष्टींनी पाहता येते. कलेच्या इतिहासातून एक चित्रकार हरवली, असे एक मत मांडता येईल. दुसऱ्या बाजूने, चित्रपटाला प्रशिक्षित चित्रकाराची नजर लाभली, असेही म्हणता येईल. वस्तुतः ही दोन्ही विधाने एकाच वेळी खरी आहेत. ललित कला श्रेष्ठ आणि उपयोजित कला कनिष्ठ अशी जी उतरंड आपल्या कलाविचारात रुजली आहे, तिच्यामुळे भानूताईंचे नाव आधुनिक चित्रकलेच्या इतिहासात क्वचित येते आणि चित्रपटाच्या इतिहासात ते केवळ पुरस्कारापुरते येते. कुटुंबाच्या जबाबदारीमुळे उपयोजित कलेकडे वळलेल्या अनेक स्त्रियांच्या वाट्याला ही उपेक्षा आली आहे.

'अमुक नायिकेची वेशभूषा' : स्टुडिओबाहेरची व्यवस्था

पन्नाशी-साठीच्या दशकातील हिंदी चित्रपटाची निर्मितीव्यवस्था समजून घेतल्याशिवाय भानूताईंच्या आरंभीच्या कामाचे मोल कळणार नाही. प्रभातसारख्या स्टुडिओत सर्व विभाग एका छताखाली होते. दुसऱ्या महायुद्धानंतर ही पद्धत मोडकळीस आली आणि नट-नट्या स्वतंत्रपणे करार करू लागल्या. याचा परिणाम वेशभूषेवर झाला. नायिकेचे पोशाख तिच्या पसंतीच्या व्यक्तीने करायचे, नायकाचे त्याच्या शिंप्याने आणि समूहातील नर्तक-नर्तिका, सैनिक, दरबारी यांचे पोशाख ड्रेसवाल्याकडून भाड्याने आणायचे, अशी वाटणी होऊ लागली. श्रेयनामावलीत वेशभूषेच्या पुढे नटीचे नाव येई. म्हणजे वेशभूषा चित्रपटाची नसून व्यक्तीची असे. एकाच दृश्यातील दोन पात्रांचे कपडे दोन वेगळ्या हातांनी, परस्परांचा विचार न करता तयार झालेले असत.

भानूताईंचे आरंभीचे काम याच व्यवस्थेत झाले. तथापि त्यांना लाभलेले काही दिग्दर्शक दृश्याची एकसंधता जाणणारे होते. राज कपूर यांच्या 'श्री ४२०' (१९५५) मध्ये नादिरा यांनी साकारलेल्या मायाचा चमकदार, अंगाबरोबर बसणारा गाऊन हे त्याचे ठळक उदाहरण आहे. या चित्रपटातील दोन स्त्रियांची नावेच विद्या आणि माया अशी आहेत. विद्येच्या अंगावर साधी साडी आहे, तर मायेच्या अंगावर पाश्चात्त्य धाटणीचा झगमगता गाऊन. नायकापुढील नैतिक पेच संवादाच्या आधी वस्त्रातून प्रेक्षकापर्यंत पोहोचतो.

गुरुदत्त यांच्या संस्थेसाठी केलेल्या 'सी.आय.डी.' (१९५६) पासून एक महत्त्वाचे पर्व सुरू झाले. 'प्यासा' (१९५७), 'चौदहवीं का चाँद' (१९६०) आणि 'साहिब बीबी और ग़ुलाम' (१९६२) हे चित्रपट या पर्वातील आहेत. त्यांपैकी 'साहिब बीबी और ग़ुलाम' येथे विशेष विचारार्ह आहे. हा कृष्णधवल चित्रपट एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या बंगालमधील ऱ्हासाला लागलेल्या जमीनदार घराण्याचा आहे. पतीला घरी रोखून धरण्यासाठी छोटी बहू नटते, सजते आणि अखेर मद्याच्या आहारी जाते. येथे साजशृंगार ही सजावट राहत नाही, तोच कथेचा विषय बनतो. कृष्णधवल चित्रणात रंगांचे रूपांतर करड्या रंगाच्या छटांमध्ये होते. लाल आणि हिरवा रंग डोळ्यांना कितीही भिन्न वाटले, तरी पडद्यावर ते सारखे दिसू शकतात. त्यामुळे साडीचा काठ, पोत, चकाकी आणि कापडाची पारदर्शकता यांवरच वेशभूषाकाराला भर द्यावा लागतो. छायाप्रकाशाचे शास्त्र शिकलेल्या चित्रकाराला हे गणित सहज उमगते.

साठीच्या दशकाच्या मध्यावर हिंदी चित्रपटात रंगीत चित्रण सार्वत्रिक होऊ लागले. 'वक्त' (१९६५) मध्ये साधना यांनी घातलेले बिनबाह्यांचे तंग कुर्ते आणि चुडीदार लवकरच महाविद्यालयीन तरुणींच्या पोशाखात दिसू लागले. 'ब्रह्मचारी' (१९६८) मध्ये मुमताज यांची नारिंगी साडी नृत्याच्या हालचालीत सुटू नये, म्हणून आधीच चुण्या घालून शिवण्यात आली होती. न शिवलेले अखंड वस्त्र हे साडीचे मूळ स्वरूप होय. ते न बिघडवता तिला शिवलेल्या पोशाखाची सोय देणे, ही तांत्रिक अडचणीतून निघालेली युक्ती होती. बालगंधर्वांच्या काळात रंगभूमीने जे केले, ते आता चित्रपट अधिक वेगाने आणि अखिल भारतीय पातळीवर करू लागला होता.

या व्यवस्थेची दुसरी बाजूही नमूद केली पाहिजे. नायिकेचे दर्शनमूल्य हा व्यावसायिक चित्रपटाचा हुकमी आधार होता आणि वेशभूषाकाराकडून त्याची पूर्तता अपेक्षित असे. 'सत्यम् शिवम् सुंदरम्' (१९७८) मधील नायिकेच्या तोकड्या वस्त्रांवरून वाद झाला. अशा ठिकाणी वेशभूषाकाराचे कौशल्य दिग्दर्शकाच्या दृष्टीला बांधलेले असते. भानूताईंच्या कामाचे मूल्यमापन करताना हे बंधन ध्यानात घ्यावे लागते. स्त्रीने घडवलेले वस्त्र स्त्रीच्या दृष्टीनेच घडते, असा निष्कर्ष घाईने काढता येणार नाही.

इतिहासाचे वस्त्र : 'आम्रपाली'

ऐतिहासिक चित्रपटाची वेशभूषा इतिहासाच्या अभ्यासकासाठी वेगळे प्रश्न उपस्थित करते. लेख टंडन दिग्दर्शित 'आम्रपाली' (१९६६) मध्ये वैशालीची नगरवधू आणि मगधाचा राजा अजातशत्रू यांची कथा आहे. वैजयंतीमाला यांच्या पोशाखांसाठी भानूताईंनी अजिंठ्याच्या चित्रांचा अभ्यास केला. कमरेभोवती घट्ट बांधलेले अंतरीय, उघडे मध्यांग, स्तनपट्ट, सैल उत्तरीय, केशरचना आणि अलंकार हे सर्व तेथील भित्तिचित्रांतून स्फुरलेले आहे.

काटेकोर कालगणनेच्या दृष्टीने येथे अडचण आहे. अजातशत्रू बुद्धाचा समकालीन. अजिंठ्याची बहुतेक प्रसिद्ध भित्तिचित्रे मात्र वाकाटक काळातील, म्हणजे इसवी सनाच्या पाचव्या शतकातील आहेत. दोहोंमध्ये सुमारे हजार वर्षांचे अंतर आहे. बुद्धकालीन पोशाखाचे समकालीन चित्ररूप पुरावे उपलब्ध नाहीत. भरहूत आणि सांचीची शिल्पेसुद्धा नंतरची आहेत. अशा स्थितीत वेशभूषाकाराने जे उपलब्ध आहे, त्यातून विश्वसनीय दृश्य उभे करायचे असते. बौद्ध परंपरेतील कथेसाठी बौद्ध लेण्यांतील चित्रांचा आधार घेणे ही कालदृष्ट्या नसली, तरी सांस्कृतिकदृष्ट्या सुसंगत निवड होती.

महत्त्वाचा मुद्दा असा की, ही निवड अभ्यासावर आधारलेली होती. त्यापूर्वीचे पौराणिक आणि ऐतिहासिक चित्रपट मोठ्या प्रमाणात रविवर्मा यांची चित्रे, नाटकाचा कपडेपट आणि ड्रेसवाल्यांकडील तयार जरीचे पोशाख यांवर विसंबून असत. भानूताईंनी लेण्यांतील चित्रांना साधन म्हणून वापरले. पुढे प्राचीन भारताचे चित्रण म्हटले की, प्रेक्षकांच्या मनात याच धाटणीचे वस्त्र उभे राहू लागले. चित्रपट इतिहासाचे प्रतिबिंब दाखवतो, त्याचप्रमाणे समाजाच्या मनातील इतिहासाचे चित्रही घडवतो, याचे हे उत्तम उदाहरण होय. कॉनरॅड रूक्स यांच्या 'सिद्धार्थ' (१९७२) या हर्मन हेसे यांच्या कादंबरीवरील चित्रपटासाठीही त्यांनी वेशभूषा केली. त्यात सिमी गरेवाल यांची भूमिका होती. रिचर्ड अॅटनबरो यांच्या 'गांधी' चित्रपटाची जुळवाजुळव सुरू असताना भानूताईंचे नाव सिमी गरेवाल यांनीच सुचवले.

'गांधी' : वस्त्र हेच राजकारण

'गांधी' (१९८२) या चित्रपटाचे चित्रीकरण नोव्हेंबर १९८० मध्ये सुरू झाले. वेशभूषेची जबाबदारी दोघांकडे होती. ब्रिटिश पात्रे आणि लष्करी गणवेश जॉन मोलो यांच्याकडे, तर भारतीय पात्रांची वेशभूषा भानू अथैया यांच्याकडे. मोलो हे लष्करी गणवेशांचे जाणकार होते आणि 'स्टार वॉर्स'साठी त्यांना पूर्वी ऑस्कर मिळाले होते.

भारतीय बाजूचे काम संख्येने प्रचंड होते, परंतु खरी कसोटी आशयाची होती. आधुनिक इतिहासात वस्त्राला राजकीय भाषा म्हणून गांधीजींइतके जाणीवपूर्वक वापरणारा दुसरा नेता क्वचितच आढळेल. १८९३ मध्ये दक्षिण आफ्रिकेत पोहोचलेला बॅरिस्टर सुटाबुटात होता. १९१३ च्या सत्याग्रहकाळात त्यांनी गिरमिटिया मजुरांसारखी साधी वस्त्रे धारण केली. १९१५ मध्ये मायदेशी परतताना ते काठेवाडी अंगरखा, धोतर आणि फेटा अशा वेशात होते. पुढे पांढरी टोपी आली. सप्टेंबर १९२१ मध्ये मदुराई येथे त्यांनी सदरा-टोपीचाही त्याग करून पंचा स्वीकारला. १९३१ मध्ये गोलमेज परिषदेच्या वेळी ते याच वेशात बकिंगहॅम राजवाड्यात गेले. म्हणजे गांधीजींचे राजकीय चरित्र त्यांच्या पोशाखाच्या क्रमाने सांगता येते. वस्त्र कमी होत गेले आणि नैतिक अधिकार वाढत गेला.

या दृष्टीने 'गांधी'मधील वेशभूषा हे चरित्राचे एक समांतर कथन आहे. नदीकाठी एका दरिद्री स्त्रीच्या अंगावर पुरेसे वस्त्र नाही हे पाहून गांधीजी आपले वस्त्र प्रवाहावर सोडून देतात, हा चित्रपटातील प्रसंग जवळजवळ निःशब्द आहे. तो कापडाच्या एका तुकड्यावर उभा आहे. कस्तुरबांच्या बाबतीतही हेच म्हणता येईल. रोहिणी हट्टंगडी यांनी तारुण्यापासून मृत्यूपर्यंतची ही व्यक्तिरेखा साकारली. दक्षिण आफ्रिकेतील नीटनेटक्या साडीपासून आश्रमातील जाड्याभरड्या खादीपर्यंतचा प्रवास तिच्या वेशातून दिसतो. बॅरिस्टर जीनांचे काटेकोर शिवलेले सूट, नेहरूंचा अचकन आणि खेड्यातील माणसाचे मळके धोतर एकत्र आले की, राष्ट्रीय चळवळीतील वर्ग, प्रांत आणि विचार यांची विविधता एका चौकटीत उमटते.

तांत्रिक अंगानेही हे काम अवघड होते. पांढरे कापड तीव्र प्रकाशात कॅमेऱ्यापुढे चमकते आणि त्याचा पोत नाहीसा होतो. म्हणून वेशभूषाकाराला पांढऱ्या रंगाची झळाळी किंचित मारावी लागते. हातमागावरच्या खादीचा जाडसरपणा, धुवून आलेला मऊपणा आणि वापराने पडलेल्या सुरकुत्या पडद्यावर दिसल्या नाहीत, तर खादीचा अर्थच हरवतो. शिवाय चित्रपटातील प्रसंग कथेच्या क्रमाने चित्रित होत नाहीत. १९४८ चा प्रसंग आधी आणि १९१५ चा नंतर, असेही घडते. प्रत्येक पात्राच्या वयानुसार आणि प्रसंगानुसार वस्त्रांची नोंद ठेवणे अनिवार्य असते. गांधीजींच्या अंत्ययात्रेचे दृश्य ३१ जानेवारी १९८१ रोजी दिल्लीत तीन लाखांहून अधिक लोकांच्या सहभागाने चित्रित झाले. अशा दृश्यात वेशभूषेचे एकक व्यक्ती नसून जनसमुदाय असतो.

११ एप्रिल १९८३ रोजी लॉस एंजेलिस येथे झालेल्या ५५ व्या ऑस्कर समारंभात 'गांधी'ला आठ पुरस्कार मिळाले. त्यांत वेशभूषेचा पुरस्कार मोलो आणि अथैया यांना विभागून मिळाला. 'ला त्राव्हियाता', 'सोफीज चॉइस', 'ट्रॉन' आणि 'व्हिक्टर व्हिक्टोरिया' हे प्रतिस्पर्धी चित्रपट होते. भानूताईंनी आपल्या अगदी छोट्या भाषणात जगाचे लक्ष भारताकडे वेधल्याबद्दल अॅटनबरो यांचे आभार मानले.

मान्यतेचा क्रम

येथे एका कालानुक्रमाकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. अमेरिकेतील अकादमीने १९४८ च्या चित्रपटांपासून वेशभूषेसाठी स्वतंत्र पुरस्कार सुरू केला. भारतातील राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांना १९५४ मध्ये प्रारंभ झाला, परंतु उत्कृष्ट वेशभूषेचा राष्ट्रीय पुरस्कार १९८४ च्या चित्रपटांपासून देण्यात येऊ लागला. याचा अर्थ, भानू अथैया ऑस्करच्या व्यासपीठावर उभ्या होत्या, तेव्हा त्यांच्या कलेसाठी देशात राष्ट्रीय पुरस्कारच अस्तित्वात नव्हता. 'प्यासा', 'साहिब बीबी और ग़ुलाम', 'आम्रपाली' या चित्रपटांतील त्यांच्या कामाचा राष्ट्रीय पातळीवर विचार होण्याची सोयच नव्हती. ऑस्कर आणि त्यानंतर लगेच सुरू झालेला राष्ट्रीय पुरस्कार यांत कार्यकारणभाव होता, असे ठामपणे म्हणता येत नाही. तथापि मान्यतेचा हा क्रम बोलका आहे.

पुढे 'लेकिन' (१९९०) आणि 'लगान' (२००१) या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. गुलजार दिग्दर्शित 'लेकिन'मध्ये राजस्थानच्या वाळवंटातील घागरा-ओढणी वास्तव आणि आभास यांच्या सीमेवर वावरते. आशुतोष गोवारीकर यांच्या 'लगान'ची कथा १८९३ मधील आहे. गांधीजी दक्षिण आफ्रिकेत गेले, तेच हे वर्ष. 'गांधी'मध्ये नेत्याचे वस्त्र केंद्रस्थानी होते. 'लगान'मध्ये दुष्काळाच्या छायेतील एक संपूर्ण गाव आहे. कुंभार, लोहार, वैद्य, कोंबड्या पाळणारा, अस्पृश्य मानला गेलेला कचरा या प्रत्येकाचा व्यवसाय आणि सामाजिक स्थान पोशाखातून कळणे आवश्यक होते. नवे कापड मळवून, विटवून, झिजवून त्यात राहते आयुष्य आणावे लागते. येथे नायिकेचे कपडे वेगळे आणि गावाचे वेगळे, असा भेद उरलेला नाही. पन्नाशीच्या दशकात नटीपुरती मर्यादित असलेली वेशभूषा आता चित्रपटाची झाली होती. 'स्वदेस' (२००४) आणि 'नागरिक' (२०१५) हा मराठी चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी होत.

जतनाचा प्रश्न

डिसेंबर २०१२ मध्ये भानूताईंनी आपले ऑस्कर सन्मानचिन्ह सुरक्षित राहावे, म्हणून अमेरिकेतील अकादमीकडे परत सुपूर्द केले. आपल्यानंतर भारतात ते सांभाळले जाईल, याची त्यांना शाश्वती वाटत नव्हती. शांतिनिकेतनातून रवींद्रनाथांचे नोबेल पदक २००४ मध्ये चोरीस गेल्याचा दाखलाही त्यांनी दिला होता. या निर्णयावर भावनिक प्रतिक्रिया व्यक्त झाल्या. परंतु इतिहासाच्या अभ्यासकाने यातील मूळ प्रश्नाला सामोरे जायला हवे. सन्मानचिन्हाला निदान जाण्यासाठी जागा होती. सहा दशकांत निर्माण झालेल्या पोशाखांचे काय?

पुण्यातील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झाले. २०२२ मध्ये ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. मुंबईत २०१९ मध्ये भारतीय चित्रपटाच्या राष्ट्रीय संग्रहालयाचे उद्घाटन झाले. या संस्थांचे कार्य मोलाचे आहे. परंतु चित्रपट जतन करणे आणि त्यातील वस्त्र जतन करणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. चित्रीकरण संपल्यावर पोशाख निर्मात्याच्या गोदामात पडून राहतात, उसवून दुसऱ्या चित्रपटासाठी वापरले जातात, भाड्याने जातात किंवा कसरीच्या भक्ष्यस्थानी पडतात. रेखाटने, कापडाचे नमुने, मापांच्या वह्या आणि सातत्याच्या नोंदी यांना तर कागदपत्रांचा दर्जाच दिला जात नाही. भानूताईंनी २०१० मध्ये आपल्या कार्यावर इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध करून बरीच माहिती नोंदवून ठेवली, हे आपले सुदैव. १५ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यानंतर त्याच वर्षाच्या डिसेंबरात त्यांच्या संग्रहातील कलाकृती लिलावात आल्या. जो वारसा सार्वजनिक संग्रहात असायला हवा, तो खासगी संग्रहांत विखुरला जाण्याची शक्यता यातून स्पष्ट होते.

निष्कर्ष

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष मांडता येतात.

१. भारतीय चित्रपटातील वेशभूषेचे एक मूळ कोल्हापूरच्या चित्रकार-परंपरेत आहे. भानू अथैया यांची कारकीर्द ही त्या परंपरेची आधुनिक आणि स्वतंत्र व्यवसायाच्या रूपातील परिणती होय.

२. स्टुडिओपद्धती मोडल्यावर वेशभूषा नटीपुरती मर्यादित झाली होती. 'गांधी' आणि 'लगान' यांसारख्या चित्रपटांतून ती पुन्हा संपूर्ण चित्रपटाची बनली. या स्थित्यंतराचे सर्व टप्पे एकाच कारकिर्दीत पाहावयास मिळतात.

३. ऐतिहासिक चित्रपटातील वेशभूषा हे भूतकाळाचे अर्थनिर्णयन असते. 'आम्रपाली'चे उदाहरण दाखवते की, त्यातील कालविपर्याससुद्धा अभ्यासाचा विषय ठरतो.

४. ललित आणि उपयोजित कला यांतील उतरंडीमुळे वेशभूषाकारांच्या, विशेषतः स्त्री कलावंतांच्या, कार्याची नोंद अपुरी राहिली. राष्ट्रीय पातळीवरील मान्यताही उशिरा आली.

५. चित्रपटीय वस्त्रे, रेखाटने आणि नोंदी यांच्या शास्त्रशुद्ध जतनाची व्यवस्था होणे निकडीचे आहे.

शेवटच्या मुद्द्याच्या संदर्भात महाविद्यालयांना काही करता येण्याजोगे आहे. कोल्हापूर, पुणे आणि मुंबई येथे चित्रपटांसाठी आयुष्यभर शिवणकाम, रंगकाम, जरीकाम केलेले कारागीर आणि ड्रेसवाले अजून आपल्यात आहेत. त्यांची नावे कोणत्याही श्रेयनामावलीत नाहीत. इतिहास, मराठी आणि वस्त्रशास्त्र या विभागांनी एकत्र येऊन त्यांच्या मुलाखती ध्वनिमुद्रित केल्या, त्यांच्याकडील वह्या आणि नमुन्यांच्या प्रती करून ठेवल्या, तर पदव्युत्तर स्तरावरील प्रकल्पांतूनही एक उपयुक्त साधनसंग्रह उभा राहू शकेल. भानू अथैया यांचे नाव निदान एका पुरस्कारामुळे इतिहासात नोंदले गेले. त्यांनी काढलेली रेषा कापडावर उतरवणाऱ्या हातांची नोंद अद्याप व्हावयाची आहे, आणि हे काम फार काळ लांबणीवर टाकता येण्यासारखे नाही.